ओळखीचा चेहरा : अच्युत पोतदार

अभियांत्रिकी महाविद्यालयाचा वर्ग भरलेला आहे. यंत्राची व्याख्या काय, असा प्रश्न प्राध्यापक विचारतात. एक विद्यार्थी साध्या भाषेत उत्तर देतो आणि त्याबद्दल त्याला वर्गाबाहेर काढले जाते. विसरलेली पुस्तके घेण्यासाठी तो परत येतो आणि ‘पुस्तक’ या वस्तूचे इतके लांबलचक आणि पंडिती वर्णन करतो, की प्राध्यापकांना अखेर विचारावेच लागते, ‘अरे, कहना क्या चाहते हो?’ राजकुमार हिरानी यांच्या ‘थ्री इडियट्स’मधील हा प्रसंग जेमतेम काही मिनिटांचा आहे. चित्रपट डिसेंबर २००९ मध्ये प्रदर्शित झाला आणि पुढील काळात त्या प्राध्यापकांचा त्रासलेला चेहरा मोबाइलच्या पडद्यांवरून घरोघरी पोहोचला. कोणाचेही बोलणे समजेनासे झाले की तेच चित्र आणि तेच वाक्य पाठवण्याची रीतच पडली.

या चेहऱ्याचे नाव अच्युत पोतदार. ज्यांनी ते चित्र असंख्य वेळा पाहिले, त्यांच्यापैकी अनेकांना हे नाव सांगता आले नसते. सव्वाशेहून अधिक चित्रपट, त्याखेरीज दूरचित्रवाणी मालिका, नाटके आणि जाहिराती एवढे काम नावावर असूनही पोतदार यांची ओळख ‘ते वडिलांचे काम करणारे’, ‘ते मास्तर’ अशीच राहिली. १८ ऑगस्ट २०२५ रोजी ठाणे येथे वयाच्या ९१ व्या वर्षी त्यांचे निधन झाले, तेव्हा बहुतेक बातम्यांच्या मथळ्यांत त्यांच्या नावाबरोबर ‘थ्री इडियट्स’चा उल्लेख करावा लागला. नायक-नायिकांच्या मागे उभ्या असलेल्या दुसऱ्या फळीतील कलावंताचे आयुष्य कसे असते, तो कशाच्या आधारावर टिकतो आणि त्याच्या वाट्याला काय येते, हे समजून घेण्यासाठी पोतदार यांची कारकीर्द पाहण्यासारखी आहे.

रेवा ते मुंबई

पोतदार यांचा जन्म २२ ऑगस्ट १९३४ चा, जबलपूरचा. बालपण इंदूरमध्ये गेले. होळकरांच्या या नगरीत मराठी कुटुंबे पिढ्यान्‌पिढ्या नांदत आलेली आहेत. घरात मराठी आणि दाराबाहेर हिंदी अशा वातावरणात वाढणाऱ्या माणसाला दोन्ही भाषा सारख्याच जवळच्या होतात. मुंबईत घडलेल्या अनेक मराठी नटांना हिंदीत काम करताना उच्चारांची अडचण येते. मध्य प्रदेशात वाढलेल्या पोतदारांना हिंदी परकी नव्हती.

शिक्षण पूर्ण झाल्यावर त्यांनी मध्य प्रदेशातील रेवा येथे प्राध्यापक म्हणून नोकरी केली. त्यानंतर ते भारतीय लष्करात दाखल झाले आणि १९६७ मध्ये कॅप्टन या हुद्द्यावरून निवृत्त झाले. पुढे इंडियन ऑइल या सरकारी तेल कंपनीत अधिकारी म्हणून त्यांनी सुमारे २५ वर्षे काम केले आणि १९९२ मध्ये वयाच्या ५८ व्या वर्षी नियमाप्रमाणे सेवानिवृत्ती घेतली. शिक्षक, सैनिक आणि कंपनीतील साहेब अशी तीन आयुष्ये त्यांनी जगली. त्यांपैकी तिसरे चालू असतानाच, चाळिशी ओलांडल्यावर, चौथे सुरू झाले.

चित्रपटात येणारे बहुतेक तरुण विशीत मुंबईला येतात आणि नायक होण्याची स्वप्ने पाहतात. त्यांतील मोजके नायक होतात, काही जण वयाच्या चाळिशीत नाइलाजाने भाऊ, काका, इन्स्पेक्टर अशा भूमिकांकडे वळतात. पोतदार आले तेच मुळी काकांच्या वयात. नायकपदाची आशा धरण्याचा प्रश्नच नव्हता. त्यामुळे ती आशा भंग पावण्याचे दुःखही त्यांच्या वाट्याला आले नाही.

‘आक्रोश’चा काळ

त्यांचा प्रवेश झाला तो काळही अनुकूल होता. १९७० च्या दशकाच्या अखेरीस हिंदीतील समांतर चित्रपटाने जोर धरला होता. या चित्रपटांना सिनेमातील सराईत चेहरे नको होते. वकील हा वकिलासारखा, फौजदार हा फौजदारासारखा दिसावा, असा दिग्दर्शकांचा आग्रह होता. असे चेहरे त्यांना मराठी रंगभूमीवर आणि मुंबई-पुण्याच्या नोकरदार वर्गात सापडले.

गोविंद निहलानी यांचा ‘आक्रोश’ हा १९८० मधील चित्रपट या दृष्टीने बोलका आहे. त्याची पटकथा विजय तेंडुलकर यांची. कलावंतांमध्ये ओम पुरी, नसीरुद्दीन शाह, स्मिता पाटील आणि अमरीश पुरी यांच्याबरोबर अरविंद देशपांडे, नाना पळशीकर, मनोरुग्णतज्ज्ञ असलेले मोहन आगाशे आणि नाटककार महेश एलकुंचवार होते. याच यादीत अच्युत पोतदार हेही नाव आहे. एका आदिवासीवरील खटल्याच्या निमित्ताने लहान गावातील सत्ताधाऱ्यांचे साटेलोटे दाखवणाऱ्या या चित्रपटात ओळखीच्या खलनायकांपेक्षा साध्या, सभ्य दिसणाऱ्या चेहऱ्यांची गरज होती. निहलानी यांच्याच ‘अर्धसत्य’मध्येही पोतदार होते. १९८३ च्या या चित्रपटाने हिंदी पडद्यावरील पोलिसाची प्रतिमा बदलली.

नोकरी सांभाळून अभिनय करणारे पोतदार एकटे नव्हते. अमोल पालेकर हे बँक ऑफ इंडियात होते. अमरीश पुरी यांनी राज्य कामगार विमा महामंडळात अनेक वर्षे नोकरी केली. शिवाजी साटम बँकेत होते, तर अंजन श्रीवास्तव अलाहाबाद बँकेत. मुंबईतील बँका, विमा कंपन्या आणि सरकारी उपक्रम यांनी त्या पिढीतील कलावंतांना पगार दिला, रजा दिली आणि आंतर-कार्यालयीन नाट्यस्पर्धांच्या निमित्ताने रंगमंचही दिला. या कार्यालयांनी चित्रपटसृष्टीला अप्रत्यक्षपणे केलेल्या या साहाय्याची नोंद फारशी कुठे झालेली नाही. यांतील पालेकर, पुरी यांच्यासारख्यांनी यश मिळताच नोकरी सोडली. पोतदार यांनी मात्र निवृत्तीच्या दिवसापर्यंत ती सोडली नाही. त्यांचा संसार चित्रपटातील मानधनावर अवलंबून नव्हता.

उपनगरातील कारखाना

सहायक कलावंताच्या जगण्याचा मुंबईच्या भूगोलाशी जवळचा संबंध आहे. हिंदी चित्रपटाचे जुने स्टुडिओ दादर-परळ भागात होते. तरी उपनगरांकडे जाण्याची सुरुवात फार पूर्वी झाली होती. मालाडला बॉम्बे टॉकीजची स्थापना १९३४ मध्ये, म्हणजे पोतदार यांच्या जन्मवर्षीच झाली. १९४३ मध्ये गोरेगावला फिल्मिस्तान उभे राहिले. अंधेरीत फिल्मालय, नटराज यांसारखे स्टुडिओ आले. १९७७ मध्ये राज्य शासनाने गोरेगाव पूर्वेला चित्रनगरी उभारली आणि २००१ मध्ये तिला दादासाहेब फाळके यांचे नाव देण्यात आले. पोतदार पडद्यावर आले तेव्हा चित्रपटाचा व्यवसाय वांद्र्यापासून मालाडपर्यंत पसरला होता. पुढे मढचे बंगले आणि ठाण्याचा घोडबंदर रस्ता यांचीही त्यात भर पडली.

या पट्ट्यात सहायक कलावंताचा दिवस पाळीच्या हिशेबाने जातो. त्याला ठरावीक दिवसांसाठी बोलावले जाते आणि मानधन दिवसावर मोजले जाते. काम बहुधा को-ऑर्डिनेटरच्या फोनवरून येते. मुख्य कलावंताच्या तारखा आधी ठरतात आणि उरलेल्यांच्या तारखा त्यांच्याभोवती बसवल्या जातात. सकाळी मेकअप करून बसलेल्या कलावंताचे दृश्य रात्री चित्रित होते, कधी दुसऱ्या दिवसावर ढकलले जाते. मालिकांमध्ये तर चित्रीकरणानंतर ९० दिवसांनी पैसे देण्याची रीत पडून गेली आहे. भविष्य निर्वाह निधी, उपदान, भरपगारी रजा हे शब्द या व्यवसायात जवळपास अनोळखी आहेत.

कलावंतांची गाऱ्हाणी मांडण्यासाठी सिने अँड टीव्ही आर्टिस्ट्स असोसिएशन अर्थात ‘सिंटा’ ही संघटना आहे. तिचे कार्यालय अंधेरी पश्चिमेला आहे. तिचे मूळ नाव कॅरॅक्टर आर्टिस्ट्स असोसिएशन असे होते. म्हणजे ती चरित्र अभिनेत्यांसाठीच उभी राहिली. नायकाला स्वतःच्या नावाचे बळ असते. संघटनेची गरज दुसऱ्या फळीलाच अधिक भासते, हे त्या जुन्या नावातूनच दिसते.

या पार्श्वभूमीवर पोतदार यांच्या स्थितीचा वेगळेपणा लक्षात येतो. महिन्याच्या अखेरीस पगार ठरलेला असल्याने भूमिका स्वीकारताना पोटाची चिंता नव्हती. भूमिका लहान आहे म्हणून अपमान वाटून घेण्याचे कारण नव्हते आणि ती मोठी करून मागण्याचेही नव्हते. पडद्यावरील त्यांच्या वावरात जो निवांतपणा आहे, त्याचे एक कारण हे असावे. दोन वाक्यांत लक्ष वेधून घेण्याची धडपड त्यांच्या अभिनयात आढळत नाही.

वडील, मामा आणि मास्तर

१९८८ मध्ये ‘तेजाब’, १९८९ मध्ये ‘परिंदा’, १९९२ मध्ये ‘राजू बन गया जंटलमन’ अशा चित्रपटांतून पोतदार समांतर चित्रपटाकडून व्यावसायिक चित्रपटाकडे आले. ‘दिलवाले’, ‘इश्क’, ‘वास्तव’, ‘हम साथ-साथ हैं’, ‘लगे रहो मुन्नाभाई’, ‘दबंग २’ अशी ही यादी वाढत गेली. यांतील पुष्कळ भूमिका एका-दोन प्रसंगांच्या आहेत. काही भूमिकांकडे मात्र थांबून पाहिले पाहिजे.

राम गोपाल वर्मा यांच्या १९९५ मधील ‘रंगीला’त ते नायिका मिलीचे वडील झाले. मिलीच्या आईच्या भूमिकेत रीमा लागू होत्या. चित्रपटांत नायिकेच्या मागे नाचणाऱ्या मुलींपैकी एक असलेल्या मिलीला मोठी भूमिका मिळते, अशी ही कथा. त्या काळच्या चित्रपटांतील बाप मुलीने नाचायचे म्हटल्यावर कडाडला असता. जोशी आडनावाच्या या मध्यमवर्गीय घरातील वडील तसे करीत नाहीत. मुलीच्या हट्टापुढे हसून नमते घेणारे, बायकोकडे पाहून गप्प बसणारे हे गृहस्थ मुंबईच्या कोणत्याही इमारतीत दुसऱ्या मजल्यावर भेटावेत असे आहेत. दुसऱ्या फळीतील कलावंतांच्या धडपडीवर बेतलेल्या चित्रपटात दुसऱ्या फळीतील नटाने हे घर उभे केले.

दहा वर्षांनंतर, २००५ मध्ये आलेल्या ‘परिणीता’त ते ललिताचे मामा गुरुचरण झाले. शरच्चंद्र चट्टोपाध्याय यांच्या कथेवर आधारित आणि १९६० च्या दशकातील कोलकात्यात घडणारा हा चित्रपट. शेजारच्या श्रीमंताच्या कर्जात अडकलेला, घर गहाण पडलेला, तरीही पोरक्या भाचीला मायेने वाढवणारा हा बंगाली गृहस्थ पोतदारांनी उभा केला. कर्जदाराची लाज चेहऱ्यावर आणणे कठीण असते. थोडे अधिक केले तर ती भीक वाटते, थोडे कमी केले तर बेफिकिरी. पोतदारांनी तो तोल सांभाळला.

‘थ्री इडियट्स’मधील प्राध्यापकाच्या भूमिकेमागे तर प्रत्यक्ष अनुभव होता. रेव्याच्या वर्गात फळ्यासमोर उभे राहिलेल्या माणसाला, शहाणा विद्यार्थी उलट उत्तर देतो तेव्हा शिक्षकाचा चेहरा कसा होतो, हे वेगळे शिकवण्याची गरज नव्हती. या प्रसंगातील विनोद आमिर खान यांच्या संवादात आहे, असे प्रथम वाटते. पुन्हा पाहिल्यावर ध्यानात येते, की तो ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर घडतो. प्राध्यापक खरोखर गोंधळलेले वाटले नसते, तर ते लांबलचक वर्णन निव्वळ पाठांतर ठरले असते. समोरच्याचा संवाद रंगावा म्हणून नीट ऐकणे, हेच तर सहायक अभिनेत्याचे मुख्य काम.

निवृत्ती आणि दूरचित्रवाणी

पोतदार दूरचित्रवाणीवर आले ते दूरदर्शनच्या सुवर्णकाळात. श्याम बेनेगल यांची ५३ भागांची ‘भारत एक खोज’ १९८८ मध्ये सुरू झाली. गोरेगावच्या चित्रनगरीत चित्रित झालेल्या या मालिकेत भारतीय रंगभूमीवरील असंख्य नट झळकले. त्याच वर्षी आर. के. लक्ष्मण यांच्या सामान्य माणसाच्या कल्पनेतून ‘वागळे की दुनिया’ अवतरली. या दोन्ही मालिकांत पोतदार होते.

पुढचा योगायोग महत्त्वाचा ठरला. १९९२ मध्ये ते इंडियन ऑइलमधून निवृत्त झाले आणि त्याच वर्षी झी टीव्ही ही खासगी हिंदी वाहिनी सुरू झाली. एकाच सरकारी वाहिनीच्या जागी काही वर्षांत अनेक वाहिन्या आल्या, १९९९ मध्ये अल्फा मराठी आली. साप्ताहिक मालिकांची जागा रोजच्या मालिकांनी घेतली. रोजची मालिका म्हणजे एकत्र कुटुंब आणि एकत्र कुटुंब म्हणजे आजोबा, काका, मामा. वयस्क नटांना एवढी मागणी यापूर्वी कधीही नव्हती. साठीच्या उंबरठ्यावरील ज्या माणसाला इतर क्षेत्रांत निरोप मिळतो, त्याच्यासाठी या क्षेत्रात दार उघडले होते. पोतदारांच्या चित्रपटांपैकी ‘रंगीला’पासून पुढचे सर्व काम निवृत्तीनंतरचे आहे, ही बाब पुरेशी बोलकी आहे. ‘आहट’, ‘मिसेस तेंडुलकर’, ‘प्रधानमंत्री’ अशा हिंदी मालिकांतही ते दिसत राहिले.

पासष्टीची अट

मार्च २०२० मध्ये झी मराठीवर ‘माझा होशील ना’ ही मालिका सुरू झाली. स्त्री नसलेल्या घरात मामांनी वाढवलेला आदित्य आणि त्याची सई यांच्या या कथेत पोतदार घरातील सर्वांत ज्येष्ठ अशा आप्पांच्या भूमिकेत होते. त्या वेळी त्यांचे वय ८५ होते. मालिकेला महिना होण्याआधीच करोनामुळे देशभर टाळेबंदी झाली आणि सर्व चित्रीकरण थांबले.

मे महिन्याच्या अखेरीस राज्य शासनाने चित्रीकरणास परवानगी देताना मार्गदर्शक सूचना जाहीर केल्या. ६५ वर्षांवरील कलावंत व तंत्रज्ञ यांना सेटवर येण्यास त्यांत मनाई होती. हेतू आरोग्यरक्षणाचा होता, यात शंका नाही. मात्र पासष्टीनंतरच ज्यांना खरी मागणी येते, अशा नटांवर या अटीने संपूर्ण बेकारी आणली. ज्यांच्यामागे निवृत्तिवेतन नाही, पूर्वीच्या कामाची स्वामित्वशुल्के नाहीत आणि ज्यांचे पैसे दिवसावर मोजले जातात, त्यांनी जगायचे कसे हा प्रश्न होता. लहान भूमिका करून पोट भरणारे एक सत्तरीचे कलावंत हा प्रश्न घेऊन मुंबई उच्च न्यायालयात गेले. इतर व्यवसायांतील ६५ वर्षांवरील माणूस दुकान उघडू शकतो, मग कलावंतालाच बंदी का, असा मुद्दा पुढे आला. ७ ऑगस्ट २०२० रोजी न्यायालयाने ही अट भेदभाव करणारी ठरवून रद्द केली.

या निकालाची बातमी मोठ्या नटांच्या नावांसह छापून आली, कारण अमिताभ बच्चन यांच्यासारखे पासष्टीपुढचे तारेही या अटीच्या कक्षेत येत होते. पण खरा दिलासा होता तो आप्पांसारख्या भूमिका करणाऱ्यांना. ‘माझा होशील ना’ ऑगस्ट २०२१ मध्ये संपली. नव्या पिढीतील मराठी प्रेक्षकांसाठी पोतदार शेवटपर्यंत ‘आप्पा’च राहिले.

नावाचे मोल

सहायक कलावंताचे नाव प्रेक्षकांपर्यंत न पोहोचण्यामागे काही व्यावहारिक कारणेही आहेत. रोजच्या मालिकांमध्ये श्रेयनामावली क्वचितच वाचण्याइतकी थांबते. वाहिनीवर चित्रपट दाखवताना अखेरची नावे जाहिरातीसाठी कापली जातात. मोबाइलवर फिरणाऱ्या चित्रांना तर श्रेयनामावलीच नसते. चेहरा दूरवर पोहोचवणाऱ्या या नव्या माध्यमाने नाव मात्र मागेच ठेवले. पोतदारांच्या एका वाक्याची उलाढाल ज्या प्रमाणात झाली, त्या प्रमाणात त्यांना काही मिळावे अशी कोणतीही व्यवस्था या व्यवसायात नाही.

पोतदारांना याचा आर्थिक फटका बसला नाही, कारण त्यांनी आयुष्याची घडी आधीच बसवली होती. त्यांची कारकीर्द म्हणूनच समाधानाची वाटते. मात्र तिला सर्वसाधारण उदाहरण मानता येणार नाही. ज्या कार्यालयांनी त्यांच्या पिढीला आधार दिला, तेथील नोकरभरती आटली आहे. आज अंधेरी-गोरेगाव परिसरात भाड्याच्या खोलीत राहून लहान भूमिकांसाठी निवडचाचण्या देत फिरणाऱ्या तरुणामागे इंडियन ऑइल नाही. बँकेतून सुटून संध्याकाळी तालमीला जाण्याची सोय नाही. त्याला ५८ व्या वर्षी निवृत्तिवेतनही मिळणार नाही आणि ८५ व्या वर्षी आप्पांची भूमिका मिळेलच, याची खात्री नाही.

चित्रपट नायकाच्या नावावर विकला जातो, पण तो खरा वाटतो तो घरातील वडिलांमुळे, वर्गातील मास्तरांमुळे आणि कर्जात बुडालेल्या मामांमुळे. अच्युत पोतदार यांनी ४० वर्षांहून अधिक काळ ही माणसे पुरवली. यापुढे ‘कहना क्या चाहते हो’ हे वाक्य मोबाइलवर येईल, तेव्हा ते पुढे पाठवताना त्यांचे नावही लिहिले, तर एका कष्टाळू कलावंताचे थोडे तरी देणे फिटेल.